ज्युरीनं सोडलेल्या नानावटीला शिक्षा कशी झाली?

एखादा फौजदारी खटला गाजायला लागला की त्याचे दोन निकाल लागतात. एक चॅनलवर, त्याच रात्री. दुसरा कोर्टात, काही वर्षांनी. दोन्ही जुळले नाहीत की लोक चिडतात आणि कुणीतरी म्हणतंच, ‘अमेरिकेसारखी ज्युरी पाहिजे आपल्याकडे.’ मे 2024 मध्ये न्यूयॉर्कच्या कोर्टात बारा सामान्य नागरिकांनी डोनाल्ड ट्रम्प यांना 34 आरोपांत दोषी ठरवलं, तेव्हा ज्युरी हा शब्द आपल्याही घराघरांत पोचला. आणि त्यावरचं उत्तरही आपल्याकडे पाठ आहे : ‘होती की ज्युरी इथे. नानावटीनं घालवली.’

हे उत्तर अर्धं खरं आहे. उरलेलं अर्धं समजून घ्यायचं तर नौदल अधिकारी नानावटींवरचा 1959 चा तो खुनाचा खटला सावकाश उलगडावा लागतो. प्रेमप्रकरण, नौदलाचा पांढरा गणवेश, टॉवेल हा सगळा मसाला बहुतेकांना ठाऊक असतो. कोर्टापुढे नेमका प्रश्न काय होता, हे मात्र फार थोड्यांना सांगता येतं.

ज्युरी म्हणजे नक्की कोण?

ज्युरी म्हणजे खटला ऐकायला बसवलेली सामान्य माणसं. कुणी कारकून, कुणी व्यापारी, कुणी कंपनीतला अधिकारी. कायद्याचं शिक्षण नसलेली. साक्षीपुरावा ऐकून ‘घडलं काय’ हे त्यांनी ठरवायचं आणि ‘कायदा काय म्हणतो’ हे न्यायाधीशांनी त्यांना समजावून सांगायचं. पुरावा संपला, वकिलांची भाषणं झाली की न्यायाधीश ज्युरीला उद्देशून बोलतात : अमुक गोष्ट शाबित झाली असं तुम्हाला वाटलं तर गुन्हा हा, नाही तर तो. मग ज्युरी बंद खोलीत जाते आणि बाहेर येऊन एवढंच सांगते : दोषी किंवा निर्दोष.

कारण सांगत नाही. सांगायचं बंधनच नसतं. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे तो महत्त्वाचा ठरणार आहे.

ही पद्धत इंग्रजांनी आणली. मुंबईच्या सत्र न्यायालयात नानावटी खटल्याला नऊ जणांची ज्युरी होती. सगळ्यांचं एकमत व्हावंच लागे असं नाही, बहुमताचा निर्णय चालत असे.

27 एप्रिल 1959

कावस माणेकशॉ नानावटी नौदलात कमांडर, ‘आयएनएस म्हैसूर’ या युद्धनौकेवरचे दुसऱ्या क्रमांकाचे अधिकारी. इंग्रज पत्नी सिल्व्हिया, तीन मुलं. नोकरीच अशी की महिनोन्‌महिने समुद्रावर. त्या काळात सिल्व्हिया आणि प्रेम आहुजा या मोटारींच्या व्यापाऱ्याचे संबंध जुळले. नानावटी बोटीवरून परतले आणि काही दिवसांनी, 27 एप्रिलला, पत्नीनं त्यांना हे सांगितलं.

यापुढचा क्रम बारकाईनं बघा, कारण सगळा खटला याच क्रमावर उभा आहे. दुपारी दीडच्या सुमारास नानावटी घरातून निघाले. पत्नीला आणि मुलांना त्यांनी मेट्रो सिनेमापाशी सोडलं, खेळ संपल्यावर न्यायला येतो म्हणाले. तिथून बोटीवर गेले. रात्री एकट्यानं गाडी चालवत अहमदनगरला जायचंय असं सांगून जहाजाच्या भांडारातून रिव्हॉल्व्हर आणि सहा काडतुसं घेतली आणि रिव्हॉल्व्हर एका तपकिरी पाकिटात ठेवलं. आधी आहुजाच्या ऑफिसात गेले. तो तिथे नव्हता. मग मलबार हिलच्या बाजूला असलेल्या त्याच्या फ्लॅटवर गेले, त्याच्या झोपायच्या खोलीत शिरले आणि दार लावून घेतलं.

आहुजा नुकताच आंघोळ करून आला होता, कमरेला टॉवेल. सिल्व्हियाशी लग्न करणार का, मुलांना सांभाळणार का, असं नानावटींनी विचारलं. ‘जिच्या जिच्याबरोबर झोपतो तिच्या तिच्याशी लग्न करायचं का?’ अशा अर्थाचं उत्तर आलं, असं नानावटींचं म्हणणं. तीन गोळ्या सुटल्या. वेळ साधारण 4 वाजून 20 मिनिटं. नानावटी तिथून बाहेर पडले आणि त्याच दिवशी स्वतःहून पोलिसांच्या स्वाधीन झाले.

‘मारलं का?’ यावर वाद नव्हता

आहुजा कुणाच्या हातातल्या रिव्हॉल्व्हरच्या गोळीनं मेला, यावर दोन्ही बाजूंचं एकमत होतं. वाद होता तो या मृत्यूला कायद्याच्या कुठल्या खणात ठेवायचं यावर. खण तीन.

पहिला, अपघात. बचाव पक्षानं हाच धरला. आहुजानं पाकिटावर झडप घातली, झटापट झाली, त्यात गोळ्या सुटल्या. हे पटलं तर गुन्हाच नाही, आरोपी सुटला.

दुसरा, सदोष मनुष्यवध. माणूस मारला हे खरं, पण खुनाइतका गंभीर गुन्हा नाही. समोरच्यानं अचानक असं काही केलं की आरोपीचा स्वतःवरचा ताबा सुटला, अशी परिस्थिती यात येते. कायद्याच्या पुस्तकात याला ‘गंभीर व आकस्मिक प्रक्षोभ’ म्हणतात. शिक्षा आहे, पण फाशीचा प्रश्न येत नाही.

तिसरा, खून. फाशी नाही तर जन्मठेप.

दुसऱ्या आणि तिसऱ्या खणातलं अंतर लोकांना समजत नाही, आणि तिथेच घोळ होतो. ‘संताप रास्त होता ना? मग खून कसा?’ असं विचारतात. पण प्रक्षोभाची सवलत रास्त संतापाला मिळत नाही, ताबा सुटलेल्या क्षणाला मिळते. गॅसवरचं दूध उतू गेलं आणि कुणाला भाजलं, ही एक गोष्ट. गॅस बंद केला, पातेलं उचललं, तीन मजले उतरून शेजारच्या बिल्डिंगमध्ये गेलो आणि ते दूध कुणाच्या अंगावर ओतलं, ही दुसरी. दूध दोन्ही वेळा तेवढंच तापलेलं होतं. पण दुसऱ्या वेळी मध्ये पायऱ्या होत्या, आणि प्रत्येक पायरीवर थांबता येत होतं.

नानावटींच्या बाबतीत त्या पायऱ्या म्हणजे मेट्रो सिनेमा, बोट, अहमदनगरची थाप, पाकीट, आहुजाचं ऑफिस.

शाबित कोणी करायचं?

गुन्हा शाबित करायची जबाबदारी सरकार पक्षावर, आणि तीही वाजवी संशयाला जागा उरणार नाही इतकी. हे सगळ्यांना माहीत असतं. याच नियमाचं एक पोटकलम मात्र फार कमी लोकांना माहीत असतं : ‘माझ्या हातून घडलं, पण तो अपघात होता’ असं आरोपी म्हणतो, तेव्हा ती सवलत आपल्याला लागू होते हे दाखवायची जबाबदारी आरोपीवर येते. तोवर ती परिस्थिती नव्हतीच असं कोर्ट धरून चालतं. सरकार पक्षाला लागतो तितका कडक पुरावा आरोपीला द्यावा लागत नाही, पण नुसतं म्हणून भागत नाही.

शिवाय अपघाताची व्याख्याही सैल नाही. कायदेशीर काम, कायदेशीर रीतीनं, योग्य ती काळजी घेऊन करत असताना, गुन्ह्याचा हेतू नसताना जे घडलं, तो अपघात. खोटं कारण सांगून घेतलेलं भरलेलं रिव्हॉल्व्हर परक्याच्या बेडरूममध्ये नेणं या व्याख्येत कसं बसवायचं?

आणि आता तो प्रसिद्ध टॉवेल. त्या टॉवेलवर लोकांनी विनोद केले, पण कोर्टाच्या दृष्टीनं तो महत्त्वाचा पुरावा होता. दोन धडधाकट माणसं जिवाच्या आकांतानं रिव्हॉल्व्हरसाठी झगडली, एकाला गोळ्या लागल्या, तो कोसळला, तरी कमरेचा टॉवेल जागचा हलला नाही? सरकार पक्षानं हाच प्रश्न विचारला. शिवाय फ्लॅटमधून बाहेर पडल्यावर नानावटी ज्या कुणाशी बोलले, त्यांतल्या एकालाही ‘चुकून गोळी सुटली’ असं ते म्हणाले नव्हते. इमारतीच्या रखवालदाराला तर त्यांनी मारण्याचं कारण सांगितलं होतं.

कोर्टाबाहेर भरलेलं कोर्ट

खटला 1959 च्या सप्टेंबरात सुरू झाला. आर. के. करंजियांच्या ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकानं नानावटींची बाजू उघडपणे उचलून धरली. देशासाठी समुद्रावर झिजणारा अधिकारी, आणि त्याच्या पाठीमागे त्याचं घर फोडणारा श्रीमंत रंगेल माणूस, अशी ती मांडणी. चार आण्यांचा अंक दोन रुपयांना विकला जात होता असं त्या काळचे लोक सांगतात. रस्त्यावर नानावटींच्या नावानं खेळण्यातली पिस्तुलं आणि आहुजाच्या नावानं टॉवेल विकायला आले. पारशी समाज नानावटींमागे उभा राहिला. आहुजाच्या बाजूनं त्याची बहीण आणि सिंधी समाजातले काही लोक. तिच्या वतीनं खटल्यावर नजर ठेवायला एक तरुण वकील नेमले होते, राम जेठमलानी. नानावटींचे वकील होते कार्ल खंडालावाला.

ही नऊ माणसं याच शहरात राहत होती. संध्याकाळी घरी जात होती, पेपर वाचत होती. त्यांच्यावर परिणाम झालाच असेल असं कुणी छातीठोकपणे सांगू शकणार नाही, कारण त्या बंद खोलीतलं बोलणं नोंदलंच जात नाही. पण पूर्वग्रह कसा शिरतो ते इथे नीट दिसतं. पूर्वग्रह म्हणजे दर वेळी द्वेष नव्हे. बहुतेक वेळा तो आपुलकीच्या रूपात येतो. गणवेशातला देखणा अधिकारी कोर्टात उभा आहे, त्याची पत्नी त्याच्याच बाजूनं साक्ष देते आहे, आणि मेलेला माणूस सगळ्यांना नावडता आहे. अशा वेळी ‘हे तीन तास कसे गेले?’ हा प्रश्न बाजूला पडतो. त्याची जागा ‘याच्या जागी मी असतो तर?’ हा प्रश्न घेतो.

आहुजा चांगला माणूस नव्हता असं गृहीत धरू. तरी खुनाच्या कलमात मेलेल्या माणसाच्या चारित्र्याला सूट नाही. खटला मात्र बराचसा त्याच्याच चारित्र्यावर चालला, आणि तो बाजू मांडायला हजर नव्हता.

आठ विरुद्ध एक, आणि त्यानंतर

21 ऑक्टोबर 1959 ला ज्युरीनं आठ विरुद्ध एक मतांनी नानावटींना निर्दोष ठरवलं.

इथे गोष्ट संपायला हवी होती. पण त्या वेळच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम 307 होतं. ज्युरीचा निर्णय न्यायाधीशांना अजिबात पटला नाही आणि न्यायासाठी गरजेचं वाटलं, तर ते प्रकरण हायकोर्टाकडे पाठवू शकत. सत्र न्यायाधीश आर. बी. मेहता यांनी तेच केलं. असा निर्णय कुठलीही समंजस माणसं देऊ शकत नाहीत, असं त्यांचं मत पडलं. म्हणजे ज्युरीचा शब्द आपल्याकडे अमेरिकेसारखा शेवटचा कधीच नव्हता. लेखाच्या शीर्षकातल्या प्रश्नाचं तांत्रिक उत्तर एवढंच.

हायकोर्टात सरकारची बाजू मांडली यशवंत चंद्रचूड यांनी, जे पुढे देशाचे सरन्यायाधीश झाले. न्यायमूर्ती शेलत आणि न्यायमूर्ती नाईक यांनी 11 मार्च 1960 ला नानावटींना खुनाबद्दल जन्मठेप दिली. दोघे एकाच ठिकाणी पोचले, पण वाटा वेगळ्या. नाईक म्हणाले, कुठल्याही समंजस ज्युरीला या पुराव्यावरून हा निर्णय देता आला नसता. शेलत यांचा रोख वेगळ्याच ठिकाणी होता : ज्युरीला कायदा समजावताना सत्र न्यायाधीशांनीच चुका केल्या. ‘अपघात होता हे दाखवायची जबाबदारी आरोपीवर आहे’ हे त्यांनी ज्युरीला सांगितलंच नव्हतं. अपघाताच्या सवलतीला काय काय लागतं तेही समजावलं नव्हतं.

या खटल्याची गोष्ट नेहमी ‘भावनेत वाहून गेलेली ज्युरी आणि शहाणे न्यायाधीश’ अशी सांगितली जाते. निकालपत्र वाचलं की ती इतकी सरळ राहत नाही. आठ जण चुकले, हे ठीक. पण त्यांना वाट दाखवायला बसलेला कायद्याचा जाणकारही अर्धवट वाट दाखवत होता, आणि ते उघडकीला आलं कारण ज्युरीला तो काय बोलला ते नोंदलेलं होतं.

प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. मधल्या काळात, 1 मे 1960 ला, महाराष्ट्र राज्य झालं, म्हणून मुंबई राज्यात सुरू झालेला हा खटला कायद्याच्या पुस्तकांत ‘नानावटी विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ म्हणून गेला. 24 नोव्हेंबर 1961 ला सुप्रीम कोर्टानं जन्मठेप कायम केली. निकाल न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी लिहिला. त्यांनी संताप नाकारला नाही. नुसत्या शब्दांनीही प्रक्षोभ होऊ शकतो, आधीपासून मनात साचलेलंही विचारात घेता येतं, इतकं औदार्य त्यांनी दाखवलं. पण दीड वाजता घर सोडलं आणि 4.20 ला गोळ्या सुटल्या, एवढ्या अवधीत माणसाला स्वतःवर ताबा मिळवता येतो, असं त्यांनी स्पष्ट लिहिलं. भारतातल्या कायद्याच्या विद्यार्थ्यांना प्रक्षोभाचा विषय आजही याच निकालावरून शिकवतात.

त्या निकालातलं एक माप मला मात्र खटकतं. प्रक्षोभ गंभीर होता का, हे ‘आरोपीच्याच सामाजिक थरातला समंजस माणूस त्या जागी असता तर काय झालं असतं’ यावरून ठरवायचं, असं तिथे म्हटलं आहे. त्यात व्यवहार आहे, कबूल. पण या काल्पनिक समंजस माणसाची कल्पना करणाराही कुठल्या तरी थरातलाच असतो. विश्वासघात नवऱ्यानं केला आणि गोळ्या पत्नीनं झाडल्या, असं उलट घडलं असतं तर 1959 च्या मुंबईत तिच्यासाठी कुणी मेळावे घेतले असते?

म्हणजे सामान्य माणसांना अक्कल नसते, असंच ना?

नाही. सामान्य माणूस ज्युरीत बसतो तेव्हा तो आपला समाज बरोबर घेऊन बसतो, एवढंच यातून निघतं. याचा अनुभव महाराष्ट्राला नानावटीच्या खूप आधी आला होता.

1897 मध्ये ‘केसरी’तल्या लिखाणावरून लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा खटला झाला. नऊ जणांच्या ज्युरीत सहा युरोपियन आणि तीन हिंदी लोक होते. निर्णय सहा विरुद्ध तीन, दोषी. अठरा महिन्यांची शिक्षा. 1908 मध्ये पुन्हा तेच : सात युरोपियन, दोन पारशी, आणि निर्णय सात विरुद्ध दोन. सहा वर्षं मंडाले. लेख मराठीत होते आणि आपल्याला दोषी ठरवायला बसलेल्यांना मराठी येत नव्हतं, हे टिळकांनी स्वतः कोर्टात मांडलं होतं. ज्युरीनं दोषी ठरवलं तरी मी निर्दोषच आहे, या त्यांच्या शब्दांचा फलक आज मुंबई हायकोर्टात त्याच दालनाबाहेर लावलेला आहे.

टिळकांच्या ज्युरीत आपुलकी नव्हती, नानावटींच्या ज्युरीत ती भरपूर होती. दोन्हीकडे पुराव्याआधी माणूस तोलला गेला.

ज्युरीच्या बाजूनंही बोलायला हवं. जुलमी सरकार न्यायाधीशाला दाबू शकतं, बारा अनोळखी माणसांना दाबणं अवघड. वर्षानुवर्षं गुन्हेगारच बघून न्यायाधीशाची नजर मरते, सामान्य माणसाची ताजी असते. इंग्लंड-अमेरिकेत ही पद्धत टिकली ती याच कारणांनी. पण अमेरिकेतही वकील ज्युरीतली माणसं निवडताना प्रश्न विचारून काहींना वगळतात, हे सगळ्यांनीच पूर्वग्रह मान्य केल्याचं लक्षण आहे.

नानावटीनं ज्युरी घालवली, हे खरं का?

ढकलायला मदत झाली असेल. पण कायदा आयोगानं 1958 मध्येच, म्हणजे आहुजा जिवंत असताना, ज्युरी बंद करावी अशी शिफारस केली होती. देशातल्या बऱ्याच जिल्ह्यांत ती कधी नव्हतीच. नानावटीनंतरही काही ठिकाणी ज्युरीचे खटले चालले, त्यामुळे ‘शेवटचा ज्युरी खटला’ हे बिरुदही चुकीचं. 1973 ची नवी फौजदारी प्रक्रिया संहिता 1 एप्रिल 1974 पासून लागू झाली आणि त्यात ज्युरी उरली नाही.

गंमत म्हणजे एका कोपऱ्यात तिची सावली अजून आहे. पारशी विवाह आणि घटस्फोटाच्या खास न्यायालयांत न्यायाधीशांबरोबर समाजातले प्रतिनिधी बसतात.

न्यायाधीशही माणूसच की

हा आक्षेप सगळ्यात वजनदार आहे. नऊ जणांचा पूर्वग्रह काढून एकाचा आणला, तर मिळवलं काय?

याचं उत्तर महाराष्ट्रातल्याच दुसऱ्या खटल्यात सापडतं, आणि ते सुखावणारं नाही. 1972 मध्ये तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यात, देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात, एका आदिवासी मुलीवर एका पोलिसानं बलात्कार आणि दुसऱ्यानं विनयभंग केल्याचा आरोप होता. सत्र न्यायालयानं पोलिसांना सोडलं. नागपूर खंडपीठानं त्यांना शिक्षा दिली : पोलीस ठाण्यात भीतीनं गप्प राहणं म्हणजे संमती नव्हे. 1978 मध्ये सुप्रीम कोर्टानं पुन्हा सोडलं. अंगावर जखमा नाहीत, ओरडा केल्याचं दिसत नाही, म्हणजे जबरदस्ती शाबित होत नाही, असा सूर. इथे ज्युरी नव्हती, वर्तमानपत्रांची मोहीम नव्हती. कायद्यात मुरलेली माणसं होती, आणि ‘खरी’ पीडित बाई कशी वागते याचं ठरलेलं चित्र त्यांच्या डोक्यात होतं.

पण पुढे जे घडलं ते ज्युरीच्या निर्णयानंतर घडू शकलं नसतं. उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर आणि लोतिका सरकार या कायद्याच्या चार प्राध्यापकांनी 1979 मध्ये सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. निकालातलं एकेक कारण उचलून, हे का चुकीचं आहे ते दाखवलं. देशभर स्त्रियांचे मोर्चे निघाले. 1983 मध्ये कायदा बदलला. पोलिसांच्या ताब्यातल्या स्त्रीशी संबंध झाल्याचं सिद्ध झालं आणि संमती नव्हती असं तिनं कोर्टात सांगितलं, तर संमती नव्हती असंच कोर्टानं धरायचं.

त्या मुलीला याचा काहीच उपयोग झाला नाही, हेही लिहून ठेवायला हवं. पण कारणं कागदावर होती म्हणून ती खोडता आली. ‘निर्दोष’ या एका शब्दाशी कुणी वाद घालू शकत नाही. न्यायाधीशाचा पूर्वग्रह ज्युरीपेक्षा कमी असतो असा माझा दावा नाही. त्याला तो कारणांच्या भाषेत लिहावा लागतो, स्वतःच्या सहीनिशी, आणि वरच्या कोर्टाला, वकिलांना, तुम्हाला-मला तो वाचता येतो. एवढाच फरक आहे, आणि माझ्या मते तो पुष्कळ आहे.

मग नैतिक जबाबदारीचं काय?

‘पण आहुजानंही पाप केलंच ना? पत्नीनं विश्वासघात केला त्याचं काय?’ हा प्रश्न साठ वर्षं संपलेला नाही. खुनाच्या कोर्टाला त्याचं उत्तर द्यायचं नसतं. आहुजा नैतिकदृष्ट्या दोषी असू शकतो, नानावटी सहानुभूतीला पात्र असू शकतात, आणि तरीही हा खून असू शकतो. या तीन गोष्टी एकमेकींना खोडत नाहीत. आपण त्यांची एकच बेरीज करायला जातो म्हणून गोंधळ होतो.

दयेसाठी कायद्यानं वेगळी जागा ठेवली आहे. एक, शिक्षा ठरवताना. दुसरी, राज्यघटनेच्या कलम 161 खाली राज्यपालांच्या हातात : शिक्षा माफ किंवा कमी करणं. नानावटी प्रकरणात या अधिकाराचा वापर दोनदा झाला आणि दोन्ही वेळा वाद झाला. हायकोर्टानं जन्मठेप दिली त्याच दिवशी राज्यपाल श्रीप्रकाश यांनी सुप्रीम कोर्टातलं अपील निकालात निघेपर्यंत शिक्षा स्थगित केली, त्यामुळे नानावटी तुरुंगाऐवजी नौदलाच्या ताब्यात राहिले. अपील कोर्टापुढे असताना असा हस्तक्षेप चालणार नाही, असं सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठानं सप्टेंबर 1960 मध्ये सांगितलं. मग 1964 मध्ये राज्यपाल विजयालक्ष्मी पंडित यांनी नानावटींना माफी दिली. आहुजाच्या बहिणीनं त्याला लेखी संमती दिली होती. त्याच सुमारास भाई प्रताप या सिंधी व्यापाऱ्यालाही माफी मिळाली, म्हणजे दोन्ही समाजांची तोंडं गोड झाली. काही वर्षांनी नानावटी कुटुंब कॅनडाला गेलं.

माफी देणं घटनेत बसणारंच होतं. पण ज्या आपुलकीला सुप्रीम कोर्टानं समोरच्या दारातून बाहेर काढलं, तीच मागच्या दारानं आत आली नाही का, अशी शंका येते. वरपर्यंत ओळखी नसलेल्या, गणवेश नसलेल्या किती जन्मठेपवाल्यांच्या वाट्याला असं नशीब येतं? आणि माफीच्या आदेशाला निकालपत्रासारखी कारणं जोडलेली नसतात.

आज असा खटला झाला तर?

1 जुलै 2024 पासून भारतीय दंड संहितेची जागा भारतीय न्याय संहितेनं घेतली. खुनाचं कलम 300 होतं ते 101 झालं, शिक्षेचं 302 होतं ते 103. गंभीर आणि आकस्मिक प्रक्षोभाचा अपवाद जवळपास तसाच आहे, म्हणजे दीड ते 4.20 हा हिशोब आजही करावा लागेल. तो एकच सत्र न्यायाधीश करेल. बाहेर ‘ब्लिट्झ’च्या जागी हजार चॅनलं आणि प्रत्येकाच्या खिशातला फोन असेल, आणि न्यायाधीशही संध्याकाळी घरीच जाईल.

पण त्याला निकाल लिहावा लागेल. महाराष्ट्रातल्या सत्र न्यायालयाचं निकालपत्र कधी उघडून बघा, ई-कोर्ट्सच्या वेबसाइटवर बहुतेक मिळतात. सुरुवातीला दोन्ही बाजूंचं म्हणणं असतं, ते चाळलं तरी चालेल. मग एक तक्ता येतो : डावीकडे ‘मुद्दे’, उजवीकडे ‘निष्कर्ष’. मृत्यू मनुष्यवधाचा आहे का? होय. तो आरोपीनं घडवला का? होय किंवा नाही. त्याच्या खाली ‘कारणे’ असा मथळा असतो. चॅनलवरच्या निकालात आणि कोर्टाच्या निकालात फरक पडला असेल तर तो तिथून पुढच्या पानांत सापडतो, आणि न्यायाधीश चुकला असेल तर तेही तिथेच सापडतं.